मध्येंच येणारा माणूस

गेल्या वर्षीं आमच्या महाविद्यालयाच्या स्नेहसंमेलनाची चित्रफीत घेतली जात असतांना एक विद्यार्थी वारंवार कॅमेऱ्यापुढें येऊन उभा राही. प्रमुख पाहुणे दीपप्रज्वलन करीत आहेत, आणि समईच्या मागून याचें हसरें तोंड! मीं त्याला दंडाला धरून बाहेर काढलें, आणि चारचौघांत जरा कठोरच बोललों. प्राध्यापकाच्या अंगीं शिस्तीचा एक फाजील अभिमान असतो. तो त्या दिवशीं मला आवरला नाहीं.

तो प्रसंग मी विसरूनहि गेलों असतों. पण परवां चार्ली चॅप्लिनचा १९१४ सालचा 'किड ऑटो रेसेस ॲट व्हेनिस' हा चिमुकला मूकपट पाहण्यांत आला. कॅलिफोर्नियांतील व्हेनिस येथें मुलांच्या छोट्या गाड्यांची शर्यत भरली होती. शर्यत खरी, प्रेक्षकहि खरे. कीस्टोन कंपनीनें नट तेवढे आपले नेले. हेन्री लेहरमन वृत्तपट घेणारा दिग्दर्शक झाला आहे. त्याला शर्यत टिपायची आहे; पण तोकडा कोट, ढगळ विजार आणि हातांत काठी असा एक इसम सारखा मध्यें येतो. ढकलला तरी फिरून हजर! कथानक म्हणावें तर एवढेंच. पाथे कंपनीचा वृत्तपट इंग्लंडांत सुरू झाला १९१० सालीं. म्हणजे चार वर्षांतच त्याची ही थट्टा! शिवाय हा पट ऑलिव्ह व त्याचें तेल यांविषयींच्या एका माहितीपटाबरोबर एकाच रिळांत जोडलेला होता. हसण्याला तेलाचें हें तोंडीलावणें कोणाला सुचलें असेल, कोण जाणे!

माझें लक्ष मात्र चार्लीपेक्षां गर्दीकडेच अधिक होतें. त्या भटक्याच्या वेषांत तो पडद्यावर प्रथम आला तो याच पटांत. तेव्हां हा माणूस कोण, हें त्या बिचाऱ्यांना कळावें कसें? कांहीं चेहरे गोंधळलेले, कांहीं हसूं लागलेले. मी तेथें असतों तर हसणाऱ्यांत खास नसतों.

रात्रीं संमेलनाची फीत पुन्हां लावून पाहिली. समईमागचें तें तोंड क्षणभरच दिसतें. मग एक हात येतो, तो माझा. पुढें भाषणें. पाऊण तासांत हंसूं आलें तें त्या एका क्षणाला.

दुसऱ्या दिवशीं वर्गांत त्या मुलाची चौकशी केली, तों कळलें कीं, त्यानें यंदा दुसऱ्या महाविद्यालयांत नांव घातलें आहे.