धूर दरवर्षी तपासतात, ब्रेक कोण तपासतो?

पोस्ट मोठी आहे. गाडी असणाऱ्यांनी वाचावी, नसणाऱ्यांनी तर जरूर वाचावी. रस्त्याच्या कडेने पायी किंवा सायकलवर जाणारा माणूस आमच्यासारख्यांच्या ब्रेकच्या भरवशावर चालत असतो.

गेल्या महिन्यात आमची गाडी विकली. आठ वर्षांची क्रॉसओव्हर, एमएच १८ पासिंग, चारही चाकांना डिस्क ब्रेक. घेणारे एरंडोलकडचे एक तरुण शिक्षक, ओळखीतून आलेले. धुळ्याला येऊन गाडी बघितली, देवपुरातून एक चक्कर मारली. टायर बघितले, इन्शुरन्स कधी संपतो विचारलं, अॅव्हरेज विचारलं, एसी लावून बघितला. बायको आणि दोन लहान मुली सोबत होत्या. मुली मागच्या सीटवर बसून खिडकीच्या काचा वरखाली करत होत्या. ब्रेकबद्दल त्यांनी एक शब्द विचारला नाही. मीही सांगितला नाही. पंचवीस हजार टोकन घेतलं आणि पंधरा दिवसांनी गाडी न्यायचं ठरलं.

त्या पंधरा दिवसांत एका लग्नाला संभाजीनगरला जाणं झालं. परत येताना कन्नडचा घाट उतरत होतो. याच घाटात खंडपीठाने २०२३ साली जड वाहनांना बंदी घातली. पाऊस नुकताच उघडला होता. तिसऱ्या-चौथ्या वळणावर ब्रेक दाबला की मागून खर्रर्र असा आवाज यायला लागला, जशी पाट्यावर कोणी लोखंडी कांब घासतंय. पेडलही पायाखाली किंचित थरथरत होतं. सौ. म्हणाली, "अहो, हा आवाज कसला?" मी म्हणालो, "चिखल अडकला असेल." चाळीसगाव येईपर्यंत दोघंही गप्प.

खोटं कशाला बोलू, त्या रात्री मनात पहिला विचार आला तो हाच, की गाडी तर चाललीच आहे, आता मागच्या डिस्कवर खर्च कशाला करायचा. व्यवहार ठरलाय. त्यांनी विचारलं नाही, मी लपवलं नाही. कागदोपत्री बघितलं तर मी काही चुकत नव्हतो. फॉर्म २९, फॉर्म ३०, इन्शुरन्स, पीयूसी एवढं असलं की गाडी नावावर होते. ब्रेकचा रकाना त्यात कुठेच नाही.

दुसऱ्या दिवशी तरी गॅरेजला नेली. आमचा मेकॅनिक जुना माणूस, मला नाना म्हणतो. मागचं चाक काढलं आणि म्हणाला, "नाना, जरा खाली बसा."

बाहेरून डिस्क चकचकीत दिसत होती. अलॉयच्या फटीतून मी रोज तीच बाजू बघायचो. त्याने मोबाइलचा टॉर्च आतल्या बाजूला मारला. आतल्या तोंडावर गंजाचे पट्टे, मधोमध खोल चर, कडेला नख अडकेल एवढी धार. कॅलिपर ज्या पिनांवर सरकतो त्यातली एक पिन धुळीने आणि सुकलेल्या ग्रीसने जाम झाली होती. त्यामुळे कॅलिपर मागे सरकत नव्हता आणि आतला पॅड कायम घासत राहिला. आतल्या पॅडचा मसाला संपून पत्रा डिस्कला लागला होता. बाहेरचा पॅड मात्र अर्धा शिल्लक.

हे खान्देशात नवल नाही. आमच्याकडे उन्हाळ्यात काळ्या मातीची धूळ, कापसाच्या हंगामात रस्त्यावर कापसाच्या गाड्या, पावसाळ्यात शेतरस्त्यांचा गारा. त्यात धुळे-जळगाव रस्त्याचं फागणे ते तरसोद चौपदरीकरण वर्षानुवर्षं रेंगाळलं, तेव्हा मुकटी, पारोळा, एरंडोल, पाळधी या पट्ट्यात आम्ही किती धूळ खाल्ली ते आम्हालाच ठाऊक. ती धूळ गाडीनेही खाल्ली. जोरात ब्रेक दाबला की गाडीचं वजन पुढे जातं आणि बहुतेक काम पुढचे ब्रेक करतात. मागच्या डिस्कवर जोर कमी पडतो, म्हणून तिच्यावरचा गंज घासून निघत नाही. पुढची झिजते, मागची सडते. आणि मागचे ब्रेक कमी काम करतात म्हणून त्यांना कोणी विचारत नाही.

पण काम कमी म्हणजे काम नाही असं नव्हे. मागचं एक चाक धरतंय आणि दुसरं धरत नाही अशी गाडी ओल्या रस्त्यावर कशी फिरेल याचा नेम नाही. एबीएस असलं तरी ते फक्त चाक लॉक होऊ देत नाही. गेलेल्या डिस्कला ते नवीन करत नाही.

त्याने व्हर्नियर लावून जाडी मोजली. आमच्या डिस्कवर किमान जाडी ८.४ मिलिमीटर कोरलेली आहे. नवीन असते १० ची. डावी भरली ८.७, उजवी ८.५. म्हणजे आकड्याने बघितलं तर पास. मी लगेच म्हणालो, "मग लेथवर घासून आण ना, चालेल अजून." तो हसला. चर जाईपर्यंत लेथ मारला तर डिस्क ८.४ च्या खाली जाणार. पातळ डिस्क उष्णता पोटात घेऊ शकत नाही, घाटात लवकर तापते, वाकते, तडकू शकते. मग तो अहिराणीत बोलला, तो गंभीर झाला की अहिराणीत बोलतो: "नाना, हाई डिस्क आते कामनी नही. जीव तुमना शे, मी काय बोलू? पन म्होरे चालनारा कोना शे?"

पुढे चालणारा कोणाचा? मला पळासनेर आठवलं.

४ जुलै २०२३. शिरपूर तालुक्यातलं पळासनेर, मुंबई-आग्रा महामार्ग. सेंधव्याकडून उतारावरून आलेल्या कंटेनरचे ब्रेक निकामी झाले. त्याने आधी पुढच्या गाड्यांना उडवलं आणि मग रस्त्याकडेच्या थांब्याजवळच्या हॉटेलात घुसला. किमान १० माणसं गेली. त्यात गाडीची वाट बघत उभी असलेली माणसंही होती. त्यांनी तो कंटेनर घेतला नव्हता, चालवला नव्हता, त्याचे ब्रेक कधी बदलले हे त्यांना कोणी विचारलं नव्हतं. ब्रेक दुसऱ्याचा होता, मरण त्यांचं होतं.

मान्य आहे, कंटेनर वेगळा आणि माझी घरची गाडी वेगळी. पण एक फरक उलटाही आहे. मालवाहू आणि प्रवासी वाहनांना निदान फिटनेस तरी आहे: आठ वर्षांपर्यंत दर दोन वर्षांनी, नंतर दरवर्षी. ती तपासणी कशी होते हा वेगळा विषय. खासगी गाडीचं रजिस्ट्रेशन एकदम १५ वर्षांचं. या १५ वर्षांत सरकार माझ्या गाडीचा धूर पुन्हा पुन्हा तपासतं, पीयूसी नसेल तर दंड करतं, आणि ब्रेककडे एकदाही बघत नाही. गाडी तीनदा विकली गेली तरी नाही. ब्रिटनमध्ये तीन वर्षांनंतर दरवर्षी तपासणी असते आणि त्यात ब्रेक यंत्रावर मोजतात. जपानमध्ये नवी गाडी तीन वर्षांनी आणि पुढे दर दोन वर्षांनी तपासतात. आपल्याकडे सगळी भिस्त मालकाच्या मनावर आणि मेकॅनिकच्या जिभेवर.

कायदा नाही असं नाही. मोटार वाहन कायदा १९८८, कलम १९०. जो दोष मालकाला माहीत आहे किंवा साध्या काळजीने कळू शकला असता, असा धोकादायक दोष असलेली गाडी रस्त्यावर आणली तर दंड. त्यातून कोणाला इजा झाली तर तुरुंगवासही. पण हे कलम आठवतं केव्हा? पंचनामा करताना.

तर डिस्क घ्यायला निघालो. इथून पुढे ज्याला कामाचं वाटेल त्याने सेव्ह करून ठेवा.

मागच्या दोन्ही डिस्कसाठी तीन भाव निघाले. कंपनीच्या डब्यातली जोडी सात हजारांच्या वर. नावाजलेल्या ब्रेक उत्पादकाची, बाहेरच्या बाजारातली, साडेचार हजार. आणि एका दुकानात कोऱ्या खोक्यातली, अठराशे. दुकानदार म्हणाला, "काका, गाडी विकायचीच आहे ना? मग कशाला महागाची टाकता?" वर म्हणाला, "बिल पाहिजे असेल तर वेगळा हिशोब."

मी दोन मिनिटं तिथे उभा राहिलो. अठराशे हा आकडा वाईट नव्हता.

बहुतेक मोटार कंपन्या डिस्क स्वतः ओतत नाहीत, पुरवठादारांकडून घेतात. तोच माल कंपनीच्या खोक्यात महाग आणि उत्पादकाच्या खोक्यात स्वस्त, असं होऊ शकतं. सुटे भाग खुल्या बाजारात मिळू न देण्यावरून भारतीय स्पर्धा आयोगाने ऑगस्ट २०१४ मध्ये १४ मोटार कंपन्यांना मिळून २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला होता. प्रकरण पुढे कोर्टकचेरीत गेलं, पण मुद्दा आपल्या कामाचा आहे: महाग म्हणजेच अस्सल नाही आणि बाहेरचं म्हणजे नकली नाही. मात्र ज्याच्यावर बनवणाऱ्याचं नाव नाही, पार्ट नंबर नाही, किमान जाडी कोरलेली नाही, एमआरपी नाही आणि ज्याचं बिल मिळत नाही, ते घेऊ नका. मागितल्यावर बिल न देणं ही २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अनुचित व्यापारी प्रथा आहे. बनावट माल विकणं तर गुन्हाच आहे. तक्रारीसाठी १९१५ हा नंबर आहे. आणि २२ सप्टेंबर २०२५ पासून सुट्या भागांवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आलाय. "बिल घेतलं तर २८ टक्के भरावे लागतील" असं अजून कोणी सांगत असेल तर त्याला ही तारीख सांगा.

मी मधली जोडी घेतली, पक्क्या बिलावर. सोबत नवे पॅड. डिस्क बदलली की जुना पॅड परत लावायचा नाही, आणि एका बाजूची कधीच बदलायची नाही, जोडीच बदलायची.

काम करून घेताना समोर उभे राहा. माझ्या मेकॅनिकने जे केलं ते सांगतो. गाडी नुसत्या जॅकवर ठेवली नाही, खाली स्टॅण्ड लावले. जुनी डिस्क काढल्यावर हबचं तोंड तारेच्या ब्रशने घासून साफ केलं. तिथे गंजाची खपली राहिली तर नवी डिस्क वाकडी बसते आणि पेडल पुन्हा थरथरतं. नव्या डिस्कवर गंज लागू नये म्हणून तेलाचा थर असतो, तो ब्रेक क्लीनरने पुसला. जाम झालेली पिन काढून साफ केली, तिला ब्रेकचंच ग्रीस लावलं. आमच्या गाडीत हँडब्रेक मागच्या कॅलिपरमध्येच आहे, म्हणून पिस्टन दाबून नाही, तर फिरवत फिरवत आत घेतला. अशा कॅलिपरला शिकंजा लावून ठोकाठोकी केली तर आतली यंत्रणा मोडते. ज्यांचा हँडब्रेक बटणावर आहे त्यांची गाडी आधी स्कॅनर लावून सर्व्हिस मोडवर घ्यावी लागते. ब्रेक ऑइल दोन वर्षांत बदललेलं नव्हतं, तेही बदललं. शेवटी मोकळ्या रस्त्यावर मध्यम वेगातून हळूहळू आठ-दहा वेळा ब्रेक लावून पॅड आणि डिस्क एकमेकांना बसवून घेतले. सगळं मिळून नऊ हजारांच्या आत गेलं.

नवी डिस्क बसली तरी ते जुने दोन तवे मी टाकले नाहीत. गुरुजी गाडी न्यायला आले तेव्हा डिकीतून काढून दाखवले. आतली बाजू वर करून. सगळं सांगितलं, घाटातलंही, आणि हेही की मी आधी गप्प बसणार होतो. ते थोडा वेळ काही बोलले नाहीत. मग विचारलं, "काका, पुढच्या पण बघितल्या का?" बघितल्या होत्या. त्याचंही बिल दिलं. किंमत मी वाढवली नाही, त्यांनी कमी करा म्हटलं नाही. मुली पुन्हा मागच्या सीटवर बसल्या आणि गाडी पारोळा रोडने गेली.

हे माझा मोठेपणा म्हणून लिहीत नाही. मेकॅनिक बोलला नसता तर मी बोललो असतो का, हे मला आजही नक्की सांगता येत नाही. आणि म्हणूनच हे माझ्यासारख्याच्या मनावर सोडू नये असं वाटतं. ज्याला विकायचंय त्यालाच खरं बोलायला लावणारी ही व्यवस्था आहे.

मागणी छोटी आहे. फिटनेससाठी यंत्रावर तपासणी करणारी केंद्रं आता उभी राहताहेत, तिथे चाकं रोलरवर ठेवून ब्रेक मोजता येतो. धुळे आणि जळगाव आरटीओच्या हद्दीत खासगी गाडी नावावर करताना पीयूसीसोबत तेवढी एक ब्रेकची चिठ्ठीही मागा. वेगळं खातं नको, वेगळा कायदा नको. आपल्या लोकप्रतिनिधींना, ग्राहक पंचायतीच्या कार्यकर्त्यांना हे विचारा. जळगावात महामार्गाला समांतर रस्ते हवेत म्हणून लोक वर्षानुवर्षं बोलत राहिले, तेव्हा कुठे हललं. हेही बोलल्याशिवाय हलणार नाही.

तोवर एवढं करा. उद्या सकाळी गाडीच्या मागच्या चाकापाशी खाली बसा, मोबाइलचा टॉर्च लावा, आणि डिस्कची आतली बाजू बघा. आपल्या मेकॅनिकला सांगून बघा. काय दिसलं ते कमेंटमध्ये लिहा, फोटो टाका. आणि गाडी विकायला काढली असेल तर आधी बघा.