दारांची नावे

शिक्षणासाठी खेड्यातून आलो तेव्हा मी या शहरात पैठण दरवाजातून शिरलो. तट शोधू लागलो, तर दिसेना. दोन्ही अंगांना दुकाने आणि मध्ये एकटी कमान. भिंत नाहीशी व्हावी आणि दार तेवढे उरावे, याची तेव्हा मला गंमत वाटली होती.

मलिक अंबरने १६१० मध्ये खडकी वसवली आणि दोन वर्षांनी मोगलांवरील विजयाची खूण म्हणून भडकल दरवाजा उभारला. पुढे त्याच्या मुलाने गावाला फतेहनगर म्हटले. १६५३ मध्ये शाहजादा औरंगजेब सुभेदार म्हणून आला आणि ते औरंगाबाद झाले. तट उठला तो १६८२ मध्ये, मराठ्यांच्या धास्तीने. तेव्हा रायगडावर संभाजीराजे गादीवर होते. २०२३ मध्ये शहराचे नाव अधिकृतपणे छत्रपती संभाजीनगर झाले. ज्यांच्या भयाने भिंत उभी राहिली, त्यांचेच नाव आज भिंत पडलेल्या शहराला आहे. इतिहासाचा हा उपरोध कोणत्याही पक्षाच्या भाषणात मला आढळला नाही.

गेल्या वर्षी वर्गात एका मुलाने विचारले, ‘सर, सिराज औरंगाबादीला आता काय म्हणायचं?’ वर्ग हसला. तो मात्र गंभीर होता. कवीचे नाव हा संहितेचाच भाग असतो, ते बदलत नाही, असे उत्तर मी दिले. उत्तर बरोबर होते, पण पुरेसे नव्हते. त्याचा प्रश्न अठराव्या शतकातल्या एका उर्दू कवीविषयी नव्हताच. या शहराच्या वारशात आपण नेमके कोणाचे, हे तो विचारत होता.

घरी परतताना दिल्ली दरवाजाशी थबकलो. उत्तरेकडे दिल्ली, दक्षिणेकडे पैठण. सत्ता शहराला आपल्या पसंतीचे नाव देते. दाराला मात्र वाटेच्या पलीकडल्या गावाचे नाव द्यावे लागते. भयाने बांधलेल्या तटालाही हे टाळता आले नाही. म्हणूनच कदाचित शहराची नावे बदलत गेली आणि दारांची टिकली.

सिराजची कबर याच शहरात आहे. इतकी वर्षे साहित्य शिकवून मी तिथे एकदाही गेलेलो नाही, हे त्या मुलाला सांगण्याचे धैर्य मला झाले नाही. आता रविवारी त्यालाच बरोबर घेऊन जाणार आहे. रस्ता दोघांनाही विचारावा लागेल.