एवढं गवत आणि वस्ती नाही

सकाळी आठला एडिंबरातून निघायचं, स्टर्लिंग, कॅलंडर, रॅनक मूर, ग्लेन्को, फोर्ट विल्यम करत दुपारी लॉख नेस गाठायचं आणि पिटलॉक्रीवरून रात्री आठ-साडेआठला परत यायचं. बारा तास आणि साडेपाचशे किलोमीटरच्या आसपास रस्ता. स्कॉटलंडच्या डोंगराळ मुलखाची, हायलँड्सची, ही ठरलेली एकदिवसीय सहल. हौशी भटके तिच्याकडे बघून नाक मुरडतात. मुलूख पायाखाली घातल्याशिवाय कळतो का, असं त्यांचं म्हणणं. सह्याद्रीत निम्मं आयुष्य काढलेले माझे मित्रही हेच म्हणाले. पायी हिंडणाऱ्याला डोंगर कळतो, हे मला मान्य आहे. पण हायलँड्समध्ये जे कळून घ्यायला हवं ते पायाला लागत नाही आणि डोळ्यांनाही सहसा दिसत नाही. ते कुणीतरी सांगावं लागतं. त्या दिवसातलं जे माझ्यापाशी उरलं आहे, ते बहुतेक ऐकलेलं आहे.

सांगणारा पन्नाशीचा होता. अंगात किल्ट, गालाशी माइक. गाडीही तोच चालवत होता. आईचे गुडघे दुखतात म्हणून तिला त्याच्या लगेच मागची जागा मिळाली होती आणि तिच्या शेजारी मी, दुभाषा म्हणून.

स्टर्लिंगचा किल्ला आणि विल्यम वॉलेसचा मनोरा दिसला तेव्हा त्यानं 1297 आणि 1314 या दोन सालांतल्या लढाया थोडक्यात उरकल्या. ही नावं कुठल्याही पुस्तकात सापडतील, मला तुम्हाला डोंगरातलं सांगायचंय, असं तो म्हणाला. कॅलंडरच्या पुढे ट्रॉसॅक्सचं रान लागतं. वॉल्टर स्कॉटचं ‘द लेडी ऑफ द लेक’ हे काव्य 1810 साली आलं आणि त्यात वर्णन केलेलं लॉख कॅट्रिन (लॉख म्हणजे तळं) बघायला लोकांच्या बग्ग्या इकडे धावू लागल्या. 1846मध्ये थॉमस कुकनं स्कॉटलंडची पहिली सहल आणली. म्हणजे आम्ही ज्या वाटेनं चाललो होतो, ती वाट दोनशे वर्षं सहलींचीच आहे. आणि त्याच दोनशे वर्षांच्या आरंभी या डोंगरांतली माणसं घरं सोडून चालली होती. हे दोन प्रवास एकाच काळात, एकमेकांच्या उलट दिशेनं झाले, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा उमगलं.

रॅनक मूर म्हणजे सुमारे एकशे तीस चौरस किलोमीटरचं दलदलीचं माळरान. काळंभोर पाणी साठलेली डबकी, मधूनच उघडे पडलेले दगड, तपकिरी गवत. 1894 साली इथून रेल्वे नेली तेव्हा जमिनीला बूडच लागेना, म्हणून झाडाच्या फांद्या, माती आणि राख यांचे थर टाकून त्यावर रूळ घातले. ती गाडी अजूनही त्या थरांवरून धावते. आईला या माळाचं काही वाटलं नाही. ही जमीन कसायची नाही हे तिनं एका नजरेत ठरवलं होतं. तिचं माहेर पाटण तालुक्यातलं, डोंगरउताराच्या शेतीचं. पण माळ संपून गाडी ग्लेन्कोच्या दरीत उतरली, दोन्ही बाजूंनी डोंगर अंगावर आले, त्यांच्या कडांवरून पाण्याच्या धारा सुटलेल्या दिसल्या आणि तळाशी सपाट हिरवी पट्टी लागली, तेव्हा ती सरळ होऊन बसली.

“एवढं पाणी, एवढं गवत, आणि वस्ती कशी नाही रे?”

मी प्रश्न इंग्रजीत पुढे सरकवला. त्यानं आरशातून आईकडे पाहिलं आणि म्हणाला, हा प्रश्न मला रोज यावा असं वाटतं, पण येत नाही. लोक विचारतात, फोटोला कुठं थांबणार.

फोटोला तो थांबलाच. समोर थ्री सिस्टर्स नावाचे तीन सुळके, एक पाइपवादक, पन्नासेक माणसं. मग त्यानं आम्हाला जरा पुढे, दरीतल्या छोट्या तळ्याच्या बाजूला नेलं. त्याचं नाव लॉख अख्ट्रियाख्टन. तिथं त्यानं आईला विचारलं, गवतात काही दिसतं का. मला सगळं सारखंच हिरवं दिसत होतं. आईनं हातानं दाखवलं: तो तुकडा जास्त गर्द आहे, तिथं गोठा असणार, शेणखत मुरल्याशिवाय गवताला असा रंग येत नाही. मी भाषांतर केलं आणि तो माणूस हरखला. तिथं खरंच वाडी होती. पुरातत्त्वज्ञांनी तिथं खोदकाम करून घरांच्या खुणा शोधल्या आहेत. भिंती गवताच्या मुळांसकट कापलेल्या मातीच्या ढेपांच्या, आत विणलेल्या काटक्यांचा सांगाडा, छप्पर झुडपांचं किंवा गवताचं, जमिनीच्या मधोमध चूल, एका टोकाला माणसं आणि दुसऱ्या टोकाला गुरं. अशी घरं मोडली की पुन्हा माती होतात, उभं काही राहत नाही. राहतो तो गवताचा रंग. कुठे दाराशी लावलेलं रोवनचं झाड राहतं. वाईट नजर लागू नये म्हणून ते घराजवळ लावत. ओसाड उतारावर एकटं रोवन दिसलं तर तिथं घर होतं का, हे बघावं, असं तो म्हणाला. पुढे दिवसभर आई रोवन शोधत होती.

ग्लेन्कोची कथा त्यानं गाडी उभी करून सांगितली. राजा विल्यमशी निष्ठेची शपथ घ्यायची मुदत 1 जानेवारी 1692. इथल्या मॅकडोनल्ड क्लॅनचा, म्हणजे एका नावाच्या भाऊबंदांच्या जमातीचा, प्रमुख मॅकइयन आधी फोर्ट विल्यमला गेला. शपथ देण्याचा अधिकार आपल्याला नाही म्हणून तिथल्या अधिकाऱ्यानं त्याला इन्व्हरेरीला धाडलं. बर्फातून तिथं पोचून शपथ घ्यायला 6 तारीख उजाडली. एडिंबरात आणि लंडनमध्ये बसलेल्यांना निमित्त मिळालं. फेब्रुवारीच्या सुरुवातीला रॉबर्ट कँपबेलच्या हाताखाली सैनिक दरीत आले आणि घराघरांत पाहुणे म्हणून राहिले. जवळजवळ पंधरवडा ते यजमानांच्या चुलीशी बसून जेवले. 13 फेब्रुवारीच्या पहाटे त्यांनी त्याच यजमानांना मारलं. अडतीसेक माणसं जागीच गेली. बायका-मुलं बर्फात पळाली, त्यांतली कित्येक थंडीनं गारठून मेली. क्लॅनांमध्ये चकमकी आणि गुरं पळवणं नेहमीचं होतं, त्यामुळे माणसं मारली एवढ्यानं या दरीचं नाव काळं झालं नसतं. ज्याच्या घरी खाल्लं त्याच्यावर हात उचलला, हे स्कॉटिश मनाला आजही सोसत नाही. तिथल्या कायद्यातही विश्वासात घेऊन केलेला खून साध्या खुनापेक्षा भयंकर मानला जात होता. आईला यातलं भाषांतर फार करावं लागलं नाही. “खाल्ल्या मिठाला जागले नाहीत,” एवढंच ती म्हणाली.

ही कथा तो बहुधा रोज सांगत असेल. तरी चुलीशी बसून जेवल्याचं सांगताना त्याचा आवाज खाली गेला, आणि तो घासून गुळगुळीत झालेला आवाज नव्हता. आपल्याकडचा चांगला कीर्तनकार शंभरदा लावलेलं आख्यान पुन्हा लावतो तेव्हा असाच त्यात शिरतो. मला तिथं या माणसाच्या कामाचं मोल कळलं. ज्या जागी पाहण्यासारखं काही शिल्लक ठेवलेलं नाही, तिथं रोज नव्या लोकांपुढे उभं राहून इथं कोण राहत होतं हे सांगायचं, हे लहान काम नाही.

पण दरी ओस पडली ती त्या कत्तलीनं नव्हे. वाचलेले परत आले, त्यांनी घरं उभी केली, गुरं पाळली. ओसाडी नंतर आली, आणि ती हिशेबाच्या वहीतून आली. 16 एप्रिल 1746 रोजी कलोडनच्या माळावर जॅकोबाइट सैन्य, म्हणजे हटवलेल्या स्टुअर्ट राजघराण्यासाठी लढणारं, हायलँड्सच्या क्लॅनांच्या जोरावर उभं राहिलेलं सैन्य, तासाभराच्या आत मोडलं. क्लॅनप्रमुखांचे न्यायनिवाड्याचे अधिकार गेले. पूर्वी प्रमुखाचं बळ त्याच्यामागे उभ्या राहणाऱ्या तलवारींवर मोजलं जाई. आता ते खंडावर मोजलं जाऊ लागलं. दक्षिणेकडचे मेंढपाळ शेविअट आणि काळतोंड्या मेंढ्या घेऊन आले आणि चढा खंड देऊ लागले. मेंढीला कुरण लागतं, मेंढपाळ एखाददुसरा पुरतो, शंभर घरं अडचण होतात. ज्याला पिढ्यान्‌पिढ्या बाप मानलं त्यानंच घर खाली करायची नोटीस धाडली. सदरलंडमधल्या स्ट्राथनेव्हरच्या दरीत 1814 आणि 1819 साली माणसं हुसकली आणि छपरं जाळली. 1822मध्ये राजा चौथा जॉर्ज एडिंबराला आला आणि स्कॉटच्या देखरेखीखाली सगळं शहर टार्टनमध्ये, हायलँडरच्या चौकड्यांच्या कापडात, सजलं, तेव्हा त्या राखेला तीनच वर्षं झाली होती. एका बाजूला हायलँडरचा पोशाख देशाची शान ठरत होता आणि दुसऱ्या बाजूला हायलँडर बोटीत चढत होता. बरेच लोक कॅनडाला गेले, काही ग्लासगोच्या गिरण्यांत आणि गोद्यांत. आमच्या गाइडची आजी ग्लासगोला वाढलेली. तिथल्या सेंट्रल स्टेशनच्या रेल्वेपुलाखाली, पावसाच्या आडोशाला, डोंगरातून आलेली माणसं भेटत आणि आपली भाषा बोलत. तिचे आईवडील तिथं एकमेकांना भेटले, असं त्यानं सांगितलं.

फोर्ट विल्यमला जेवण झालं. ब्रिटनमधला सर्वांत उंच डोंगर, 1,345 मीटरचा बेन नेव्हिस, ढगात होता.

फोर्ट ऑगस्टसला कॅलेडोनियन कालव्याची पाच लॉक एकाखाली एक आहेत. एक शिडाची होडी खालच्या लॉकमध्ये शिरली, मागची दारं बंद झाली, पाणी घुसळत वर चढू लागलं आणि होडीवरची बाई आमच्या पायांच्या पातळीपासून हळूहळू डोळ्यांच्या पातळीला आली. थॉमस टेलफर्डचं हे काम. त्याचा कायदा 1803 साली झाला, कालवा 1822मध्ये खुला झाला. तो खणण्यामागे एक हेतू असा होता, की डोंगरातल्या माणसांना हाताला काम मिळावं आणि त्यांनी देश सोडू नये.

1803 म्हटल्यावर मला राहवलं नाही. त्या वर्षी 23 सप्टेंबरला आजच्या जालना जिल्ह्यात, केळणा आणि जुई या नद्यांच्या दुबेळक्यात, असईची लढाई झाली. शिंदे-भोसल्यांच्या फौजेसमोर आर्थर वेलस्लीच्या बाजूनं 74वी आणि 78वी या दोन हायलँडर पलटणी होत्या. असई गावातल्या तोफांच्या तोंडी सापडून 74व्या पलटणीची दाणादाण उडाली. 78वी 1793 साली रॉसशरमध्ये उभी केलेली. त्याच्या आदल्याच वर्षी रॉसशरच्या लोकांनी मेंढ्यांचे कळप हाकून बाहेर काढायचा उठाव केला होता आणि तो सैन्य आणून मोडला होता. शाळेत असई शिकताना ते सगळे माझ्यासाठी नुसते इंग्रज होते. ज्यांच्या गावात मेंढ्या शिरत होत्या असे पोरगे लाल डगला चढवून माझ्या मुलखात आले, त्यांनी आमची माणसं मारली आणि तेही आमच्या नदीकाठी मेले. हे कळल्यानं लढाईचा निकाल बदलत नाही, पराभवाचं दुःखही कमी होत नाही. पण त्या दऱ्यांकडे मी यापुढे परक्याच्या नजरेनं बघू शकणार नाही. गाइडला मी हे सांगितलं. त्यानं असईचं नाव पलटणीच्या निशाणावर वाचलं होतं. गावाला नदी आहे, शेतं आहेत, तिथं काय पिकतं, हे त्यानं मला विचारलं. कापूस, मका, सोयाबीन, मी म्हणालो.

लॉख नेसवर बोटीची फेरी झाली. सदतीस किलोमीटर लांब, सव्वादोनशे मीटरहून खोल, पीटच्या मातीनं काळपट झालेलं पाणी. इंग्लंड आणि वेल्समधल्या सगळ्या तळ्यांत मिळून नाही इतकं पाणी या एकट्यात आहे. राक्षसाची गोष्ट 1933 पासून गाजते आहे, तिच्यात मला रस नव्हता.

परतीच्या वाटेवर बहुतेक प्रवासी झोपले. आईचं चालूच होतं. मग या लोकांना कुणीच वाली नव्हता का? होता, पण उशिरा. 1880च्या दशकात स्काय बेटावर आणि इतरत्र खंडबंदी झाली, सरकारी आयोग बसला आणि 1886च्या कायद्यानं लहान कुळांना जमिनीवरून हुसकता येणार नाही असं ठरलं. “म्हणजे आपला कूळकायदाच की,” आई म्हणाली. तिच्या वडिलांनी कसलेली जमीन त्या कायद्यानं त्यांच्या नावावर झाली होती. इथं मालकी मात्र मिळाली नाही, आणि जे आधीच गेले त्यांना काहीच मिळालं नाही. आजही स्कॉटलंडच्या ग्रामीण भागातल्या खासगी जमिनीपैकी निम्मी पाचशेहूनही कमी मालकांकडे आहे, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. पण 1993मध्ये अ‍ॅसिंटच्या कुळांनी आपली जमीन इस्टेटीकडून विकत घेतली, 1997मध्ये एग बेटाच्या रहिवाशांनी आख्खं बेट घेतलं, 1999मध्ये नॉयडार्टची जमीन तिथल्या लोकांच्या संस्थेकडे आली. नॉयडार्टमधून 1853 साली शेकडो माणसं एका बोटीत घालून कॅनडाला धाडली होती. 2003च्या कायद्यानं गावांना अशा खरेदीचा हक्क दिला.

क्वीन्सफेरीचा पूल आला. शेजारी 1890चा तांबडा रेल्वेपूल दिसायला लागला आणि गाइडनं जागे झालेल्या प्रवाशांसाठी त्याची माहिती सुरू केली. आईनं माझ्या बाहीला धरून ओढलं. “पुलाचं राहू दे. त्या बेटावरच्यांनी पैसे कुठून आणले ते विचार.”

मी विचारलं. लोकवर्गणी, तो म्हणाला. हाक दिल्यावर कुठून कुठून लहान लहान रकमा आल्या आणि एका बाईनं नाव न सांगता फार मोठी रक्कम दिली. मग त्यानं पूल सोडून दिला आणि एडिंबरा येईपर्यंत एगबद्दलच बोलत राहिला: किती घरं आहेत, वीज वारा, पाणी आणि उन्हातून कशी करतात, कोण कोण परत राहायला आलं.