गाडी सुटली!
पहिली नोकरी लागली तेव्हा बाबांनी घेऊन दिलेली बाईक. मित्राने नेली, सिग्नलला एकाला धडकला आणि गाडी जप्त! दोन महिने ती पोलीस ठाण्याच्या आवारात, भर पावसात. "केस संपली की मिळेल," हवालदार म्हणाले. मीही मान डोलावली.

वकील मावशी खवळलीच. "अरे वेड्या, कोर्टात अर्ज कर! सुंदरभाई देसाई खटल्यात सुप्रीम कोर्टाने २००२ मध्येच सांगितलंय, गाड्या ठाण्यात सडवू नका. पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र घ्या आणि परत द्या."

आरसी, विमा, हमीपत्र जोडलं. अट एकच: विकायची नाही, कोर्टाने बोलावलं की हजर करायची.

किक मारली, सुरूच होईना. ढकलत घरी आणली. बाबा फडकं घेऊन दारातच उभे होते.