थांबू या ना!

'पण भांडण कशावरून झालं?' आईने इतक्यांदा विचारलं की वाटलं, एखादं खोटंच भांडण रचून सांगावं. आमचं भांडण झालंच नव्हतं. बोलणं संपलं होतं, बस्स.

दीड वर्ष तो हॉलमध्ये, मी बेडरूममध्ये. ईएमआय दोघांचा, म्हणून फ्लॅट एकच. मला धास्ती होती, कोर्ट म्हणेल आधी वेगळं घर घ्या! पण वकीलबाईंनी सांगितलं, एका छपराखाली असूनही नवरा-बायको म्हणून राहत नसाल, तर ते वेगळं राहणंच. सुप्रीम कोर्टाने 1991 मध्येच तसं म्हटलंय. म्हणजे कायद्याला आमचं घर आईपेक्षा जास्त कळत होतं!

हिंदू विवाह कायद्याचं कलम 13-ब. 1976 मध्ये आलेलं. वर्षभर वेगळं राहायचं, मग दोघांनी मिळून अर्ज करायचा, मग पुन्हा किमान सहा महिने थांबायचं. 2017 च्या निकालापासून हे सहा महिने कोर्ट माफ करू शकतं. 'मागायची माफी?' बाईंनी विचारलं. मी पटकन हो म्हटलं. तो म्हणाला, 'थांबू या ना.'

पोटात गोळाच आला. हुकूम होईपर्यंत दोघांपैकी कुणीही संमती मागे घेऊ शकतं, हे नुकतंच ऐकलं होतं.

'तू फिरणार आहेस का?' जिन्यातच विचारलं.

'नाही गं, करतो सही. पण लग्नाच्या वेळी हॉलसाठी आठ महिने थांबलो होतो की आपण.'

माफी मागितली नाही. पुढची तारीख डिसेंबरची मिळालीय. ऐन लग्नसराईतली.