कपाट रिकामं का करत नाही

प्रिय अद्वैत,



फोनवर तू विचारलंस, "मामा, सगळी कार्टूनं यूट्यूबवर फुकट दिसतात, मग डिस्कनी कपाट कशाला अडवलंस?" हा सवाल तुझ्या मामीला इतका पटला की तिने भंगारवाल्याचा नंबर फ्रिजवर चिकटवला आहे. म्हणून हे पत्र.

फुकट दिसते ती नेमकी कोणती प्रत असते ते बघ. १९४० साली टेक्स एव्हरीचं 'अ वाइल्ड हेअर' थिएटरात लागलं. बग्ज बनी आपण ओळखतो तसा पहिल्यांदा दिसला तो यात. ससा मागून येऊन शिकारी एल्मरचे डोळे झाकतो आणि विचारतो, ओळख कोण? एल्मर एकेका नटीचं नाव घेत सुटतो. त्यात कॅरोल लोम्बार्डही होती. १९४२च्या जानेवारीत ती विमान अपघातात गेली. पुढे वॉर्नर स्टुडिओने 'ब्लू रिबन' म्हणून हे कार्टून पुन्हा लावलं तेव्हा तिचं नाव काढून बार्बरा स्टॅनविकचं घातलं. दोन प्रती शेजारी लावल्या की संवादात तेवढंच एक नाव वेगळं, आणि त्या नावात एक मृत्यू.

'ब्लू रिबन' करताना बऱ्याच कार्टूनांची मूळ नामावळी कापून टाकली. दिग्दर्शक कोण, चित्रं कोणाची, सगळं गेलं. सात मिनिटांच्या कार्टूनमध्ये दहा हजारांच्या वर फ्रेम असतात. त्या काढणाऱ्यांची नावं काही सेकंद दाखवणंही मालकांना जड झालं, याचा मला अजून राग येतो.

पुढे धूळ-ओरखडे पुसणारी यंत्रं आली. पात्र झपाट्याने हललं की त्यांना शाईची बारीक रेघही घाणच वाटते. काही जुन्या डिस्कवर एखादी फ्रेम थांबवून बघ, हाताची कड मधेच पुसलेली दिसेल. म्हणजे डिस्क घेतानाही डोळे उघडे ठेवावे लागतात. रुंद पडद्यासाठी सिनेमास्कोपमध्ये केलेल्या 'टॉम अँड जेरी'ची तऱ्हा आणखी वेगळी: टीव्हीच्या चौकोनात बसवायला दोन्ही बाजू छाटल्या.

या जुन्या कार्टूनांतले वर्णद्वेषी विनोद हा अवघड भाग. ते विनोद ओंगळ आहेतच. पण कापण्यापेक्षा आधी इशारा देऊन पूर्ण दाखवावं, असं माझं मत. २०१३ साली 'टॉम अँड जेरी'च्या ब्लू-रे संचातून अशा विनोदांमुळे दोन कार्टूनं वगळायचं ठरलं तेव्हा संग्राहकांनी एवढा गोंधळ घातला की तो संच त्या वेळी निघालाच नाही.

तुझ्या लेकीला हॅना-बार्बेरांचं 'द कॅट कॉन्सर्टो' दाखव. ऑस्कर मिळालेलं आहे. टॉम कोट घालून ऐटीत लिस्टची रॅप्सोडी वाजवतोय आणि जेरी पियानोच्या आतल्या हातोड्यांवर झोपलाय. पुढे जेरी एका पट्टीच्या जागी उंदराचा सापळा मांडतो. संवाद एकही नाही, सगळी गंमत ताल धरून. मात्र फोनवर नको, टीव्हीवर लाव, आणि एका वेळी एकच. ही कार्टूनं मुख्य सिनेमाआधी, मोठ्या माणसांनी भरलेल्या थिएटरात लागायची. ओळीने दहा बघितली की मारामारीच तेवढी उरते. (प्रागमध्ये जीन डाइचने केलेली 'टॉम अँड जेरी'ची तेरा कार्टूनं मला एकेक करूनही झेपत नाहीत.)

आता कामाचं. डिसेंबरात येताना 'लूनी ट्यून्स गोल्डन कलेक्शन'चा सहावा भाग, २००८चा, घेऊन ये. अमेरिकेची डीव्हीडी विभाग १ची आणि आपला विभाग ५, पण माझा प्लेअर सगळं खातो. वापरलेला संच चालेल, फक्त चारही डिस्क आत आहेत ना ते उघडून बघ. पैसे इथे आल्यावर देतो. मामीला यातलं काही कळू देऊ नकोस.

तुझा,
मामा