यंत्राचा जीर्णोद्धार

जीर्णोद्धार हा शब्द आपण बहुधा देवळाविषयींच योजतों. शरीर धडधाकट असतां केवळ आंतील व्यवस्था कालबाह्य झालेल्या वस्तूस तो लावावा कीं नाहीं, हा प्रश्न आमच्या शहापूरच्या घरांत एका क्रोमबुकमुळें उपस्थित झाला.

यंत्र धाकट्या बंधूंच्या नातीचें. पडदा, कळफलक, बॅटरी सर्व शाबूत. परंतु सुरक्षेच्या सुधारणा मिळण्याची मुदत सरलेली. या जातीच्या प्रत्येक यंत्रास अशी मुदत असते. २०२३ सालीं गूगलनें ती दहा वर्षांची केल्याचें जाहीर केलें. पूर्वी ती कमी असे. मुलीची परीक्षा तोंडावर, आणि नवें यंत्र घेण्याची यंदा ऐपत नाहीं. तेव्हां यांतच लिनक्स ही खुली कार्यप्रणाली घालावी, असें तिनें सुचविलें.

त्यासाठीं फर्मवेअर बदलावें लागतें. यंत्र सुरू होतांच जी आज्ञावली सर्वांआधीं जागी होते, तें फर्मवेअर. मुख्य पटावरील नखाएवढ्या चिपमध्यें ती लिहिलेली असते. संस्कृत नाटकांतील सूत्रधाराप्रमाणें रंगभूमीची व्यवस्था पाहून ती कार्यप्रणालीस पाचारण करते. क्रोमबुकचा सूत्रधार मूळचा एकाच पात्राचा पक्षपाती. म्हणून सूत्रधारच बदलावयाचा.

बंधू म्हणाले, "दादा, कारखान्यानें घातलेलें कुलूप काढणें बरें नव्हे."

आक्षेप पोकळ नव्हता. कोणी दुष्टानें सूत्रधारच बदलूं नये म्हणून तें कुलूप असतें. जुन्या क्रोमबुकांत तें म्हणजे पटावरील एक साधा स्क्रू! तो आहे तोंवर चिपवरील लेखन बदलतां येत नाहीं. नव्या यंत्रांत हा पहारा एक स्वतंत्र चिप करते. यंत्र शाळेचें वा कचेरीचें असतें, तर मींही स्क्रूस हात लावूं दिला नसता. परंतु मोल देऊन घेतलेल्या वस्तूवर स्वामित्व कोणाचें? घर विकून किल्ली आपल्यापाशींच ठेवणें कोणत्या स्मृतींत बसतें?

शिवाय नवा सूत्रधार परका नव्हे. अमेरिकेंतील लॉस अलामॉस प्रयोगशाळेंत १९९९ सालीं रॉन मिनिच यांनीं लिनक्सबायॉस या नांवानें हें काम आरंभिलें. २००८ पासून त्यास कोअरबूट म्हणतात. तें सर्वांस खुलें आहे, आणि बहुतेक क्रोमबुकांचें मूळ फर्मवेअरही त्यावरच उभारलेलें आहे!

भय होतें तें विजेचें. चिपवर लेखन चालू असतां यंत्र बंद पडलें, तर त्याची वीट होते. मग बाहेरून चिमटा लावून चिप लिहिणारा कारागीर शोधीत नागपूर गाठावें लागावयाचें. मुलीनें बॅटरी पूर्ण भरली. तयारींतच यंत्रांतील सर्व कांहीं पुसलें जातें, म्हणून अभ्यासाचीं टिपणें आधीं अन्यत्र उतरविलीं. जुनें फर्मवेअरही पेनड्राइव्हवर जपून ठेवलें. हें पाहून बंधूंचा विरोध मावळला. जीर्णोद्धारांत मूर्ति हलविण्यापूर्वी देवतेचें आवाहन कलशांत करून ठेवितात, तें त्यांस आठवलें असावें.

प्रत्यक्ष लेखनास कांहीं मिनिटेंच लागलीं. तेवढा वेळ सूनबाईंनीं मिक्सरसुद्धां बंद ठेवला; त्याचा वस्तुतः कांहींएक संबंध नव्हता.

लिनक्स आतां उत्तम चालतें. देवनागरीचा इनस्क्रिप्ट कळफलक त्यांत आयताच मिळाला, आणि हा लेख मीं त्यावरच लिहिला. ध्वनि मात्र उमटत नाहीं. आंतील ध्वनियंत्रणेची आणि नव्या प्रणालीची ओळख अद्याप पटलेली नाहीं. तें परीक्षेनंतर पाहूं, असें मुलगी म्हणते.